मिरगापासून चैत्रापर्यंत: मुठेल, शिकेकाई आणि जास्वंदीचा पाला

वेंगुर्ल्याच्या हवेत लांब केस सांभाळणं कष्टाचं आहे. पावसाळ्यात ते दिवसभर वाळत नाहीत, उन्हाळ्यात घाम आणि खारा वारा, आणि वैशाख जवळ आला की खाडीकडच्या विहिरी मचूळ होतात. माझे केस कमरेपर्यंत आहेत, जाड आहेत आणि गेली काही वर्षं नुसते काथ्यासारखे राठ झाले होते. गेल्या मिरगाला मी सीरम, मास्क, ड्रायर सगळं बंद केलं आणि तीनच गोष्टी ठेवल्या: न्हाण्याआधी मुठेल, धुवायला शिकेकाई, शेवटी जास्वंदीचा पाला. आता आंब्याची काढणी सुरू आहे, म्हणजे तिन्ही ऋतू बघून झाले. केस मऊ झाले आहेत. पण त्याचं सगळं श्रेय या तीन वस्तूंना देता येणार नाही.

आधी तेल. मुठेल म्हणजे आमच्याकडे घरोघरी काढतात ते खोबरेल. पिकल्या नारळाचं खोबरं खवून, वाटून, मुठीने पिळून रस काढायचा आणि पाणी आटून तेल सुटेपर्यंत मंद आचेवर ठेवायचा. वास इतका सुरेख की नुसत्या वासासाठी लावावं. तरी स्पष्ट सांगते, घाण्याचं साधं खोबरेलही केसांना तेवढंच उपयोगी पडतं. मी थंडीत दोन महिने तेच वापरलं आणि फरक फक्त वासात जाणवला. मुंबई-पुण्यात राहणाऱ्यांनी मुठेल मिळत नाही म्हणून अडून बसू नये.

महत्त्वाचं आहे ते तेल कधी लावता. मी पूर्वी न्हाऊन झाल्यावर चापूनचोपून लावायचे, आता न्हाण्याआधी दोन-तीन तास लावते. खोबरेलात निम्म्याच्या आसपास लॉरिक आम्ल असतं. त्याचा रेणू लहान आणि सरळ असल्यामुळे ते केसाच्या आत शिरतं. 2003 साली रेळे आणि मोहिले यांनी खनिज तेल, सूर्यफूल तेल आणि खोबरेल यांची तुलना केली होती. त्यात केसातलं प्रथिन वाहून जाणं फक्त खोबरेलानेच कमी झालेलं दिसलं. हे संशोधक खोबरेल विकणाऱ्या मॅरिको कंपनीचेच होते, तेवढं लक्षात ठेवून ते वाचावं. पण माझ्या केसांचा अनुभव त्याच्याशी जुळतो. दोन चमचे तेल पुरतं आणि तेही मधल्या भागापासून टोकापर्यंत. थंडीत सकाळी ते गोठलेलं असतं, तेव्हा वाटी कोमट पाण्यात ठेवायची, गॅसवर चढवायची नाही.

आता पावसाळा, कारण खरी परीक्षा तिथेच होते. केस पाणी पितो आणि जाडीला साधारण 15 टक्क्यांपर्यंत फुगतो. फुगला की त्याच्यावरचे खवले उघडतात आणि वाळताना पुन्हा मिटतात. हे रोज झालं की खवले झिजतात, आणि ओला केस ताणला की कोरड्या केसापेक्षा लवकर तुटतो. आमच्या शेजारच्या काकी मला कितीदा सांगत आल्या, "ओले केस बांदू नको गे, कुसतले." केस कुजत नाहीत हे खरं, पण ओला अंबाडा तासन्‌तास तसाच राहिला तर टाळू दमट राहते, कोंडा वाढतो आणि ताणाने मुळाशी केस तुटतात. काकींचा सल्ला सोळा आणे खरा. श्रावणात मी न्हाणं आठवड्यातून दोनदाच ठेवलं, तेही सकाळी लवकर. जाड टॉवेलने खसाखसा पुसणं सोडलं आणि जुना मऊ पंचा घेतला. केस त्यात दाबायचे, पिळायचे नाहीत, झटकायचे नाहीत. मग पंख्याखाली मोकळे सोडायचे. फणी वाळल्यावरच, रुंद दातांची, टोकाकडून वर. फणी लाकडाची आहे म्हणून जादू होते असं मला वाटत नाही, दात रुंद आणि गुळगुळीत असले म्हणजे झालं. न्हाणीघरात निघणारे तुटके केस दिवाळीपर्यंत डोळ्यांना दिसण्याइतके कमी झाले होते. माझ्या मते मऊपणाचा मोठा वाटा या पंच्याला आणि फणीलाच आहे, आणि त्यांना फुटकी कवडी लागली नाही.

शिकेकाईबद्दल माझं मत थोडं वेगळं आहे. तयार पूड मला आवडली नाही. ती केसात अडकते, डोळ्यांत गेली की झोंबते. शेंगा रात्री भिजवून सकाळी थोड्या मेथीबरोबर उकळायच्या आणि काढा फडक्यातून गाळून घ्यायचा, हे चांगलं. फेस नावालाच येतो, पण तेल निघतं आणि केस कोरडे पडत नाहीत. काढा त्याच दिवशी संपवावा, आपल्या हवेत दुसऱ्या दिवशी त्याला वास येतो. रिठा मात्र मी दिवाळीनंतर सोडला, माझ्या केसांना तो फार कोरडा पडला. आणि नोकरीच्या घाईत दर वेळी काढा करणं जमत नाही. तेव्हा मी सौम्य शाम्पू तांब्याभर पाण्यात पातळ करून फक्त टाळूला लावते. त्यानेही केस बिघडले नाहीत. अंगाचा साबण केसांना लावू नका, एवढं आग्रहाने सांगेन. टाळूचा सामू (pH) साधारण 5.5, वडीच्या साबणाचा 9 ते 10. शिवाय जड पाण्यात साबणाचा चिकट साका केसांवर बसतो.

जास्वंदीची मूठभर पानं पाण्यात कुस्करली की जो बुळबुळीत रस निघतो तो गाळून, धुतलेल्या केसांना लावून पाच मिनिटांनी काढायचा. गुंता झटकन सुटतो. नीट गाळला नाही तर पानांचे तुकडे दिवसभर वेचावे लागतात. उकड्या तांदळाच्या पेजेचं पाणीही मी करून बघितलं. केस ताठ झाले, मऊ नाहीत. पेज प्यावी, हेच बरं.

मचूळ पाण्याला यातलं काहीच पुरं पडलं नाही. चैत्रात केस पुन्हा चरचरीत लागायला लागले. तेव्हा जांभ्यातल्या वरच्या विहिरीचं गोडं पाणी दोन कळशा आणून शेवटचं धुणं त्याने करायला लागले आणि लगेच सुधारलं. समुद्रात जाणार असाल तर आधी केस गोड्या पाण्याने भिजवा. भिजलेला केस खारं पाणी कमी घेतो.

आणि काय झालं नाही तेही सांगते. फाटे फुटलेली टोकं जुळली नाहीत, जुळतही नाहीत. टाळूबाहेर आलेला केस जिवंत नसतो. तो महिन्याला साधारण 1 सेंटीमीटर वाढतो, म्हणजे माझ्या टोकांनी पाच-सहा पावसाळे आणि सगळे जुने ड्रायर सोसलेत. शिमग्याआधी चार बोटं कापून टाकली तेव्हाच वेणी शेवटपर्यंत सारखी झाली. केस दाटही झाले नाहीत. रोज 50 ते 100 केस गळणं स्वाभाविक आहे. झुबक्याने गळत असतील तर तेल बदलत बसू नका, त्वचेच्या डॉक्टरांना दाखवा. कोंडा असलेल्या टाळूवर खोबरेल रात्रभर ठेवू नका, कोंड्याच्या बुरशीला तेलातली आम्लंच खाद्य म्हणून मिळतात. भाद्रपदात मला कोंडा झाला तेव्हा डॉक्टरांनी दिलेला केटोकोनॅझोलचा, म्हणजे बुरशीवरच्या औषधाचा, शाम्पूच कामी आला, आणि तेल मी टोकांपुरतंच ठेवलं.

यापुढे मी मुठेल, पंचा आणि रुंद फणी सोडणार नाही. शिकेकाई सुट्टीच्या दिवशी, एरवी पातळ शाम्पू. कुणाला शेंगा घ्यायच्या असतील तर पावसाआधी घ्या, दोन दिवस कडक उन्हात वाळवा आणि घट्ट झाकणाच्या डब्यात भरा. आषाढात विकत घेतलेल्यांना हमखास बुरशी धरते.