घोड्यांच्या इतिहासावरची ऑनलाइन व्याख्यानमाला : एका नालबंदाचं मत

अठरा वर्षं घोड्यांना नाल ठोकतोय. त्यामुळे यंत्रांआधीच्या काळातल्या घोड्यावरची ही आठ भागांची व्याख्यानमाला मी घेतली ती तपासायच्या नजरेनंच.

तिसऱ्या भागासाठी तरी घ्याच. इ.स.पू. १४०० च्या सुमाराचा मितान्नी या पश्चिम आशियातल्या प्राचीन राज्याचा अश्वशिक्षक किक्कुली. रथाचे घोडे तयार करायचा त्याचा २१४ दिवसांचा कार्यक्रम हत्तुशा या आजच्या तुर्कस्तानातल्या प्राचीन राजधानीच्या मातीच्या पाट्यांवर सापडला. कधी किती पळवायचं, कधी धुवायचं, कधी चारा द्यायचा, सगळं त्यात आहे. आणि फेऱ्यांचे शब्द ऐका : ऐकवर्तन्न, पंजवर्तन्न, सत्तवर्तन्न. एक, पाच, सात! अंगावर काटा आला. तो भाग मी दोनदा ऐकला.

रिकिबीचा भागही फार छान. चीनमधल्या चांगशाच्या इ.स. ३०२ च्या थडग्यातली मातीची स्वारमूर्ती अगदी जवळून दाखवलीय. रिकीब एकाच बाजूला, म्हणजे नुसती चढण्यापुरती. नांगराच्या घोड्याच्या गळपट्ट्यावरही बोलतात. ओढ छातीवरून खांद्यावर कशी आली, ते आकृतीवरून चटकन कळतं.

नालांवर मात्र जेमतेम चार मिनिटं. रोमन लोकांची खुराला बांधायची लोखंडी चप्पल दाखवली आणि पुढे गेले. खिळा खुराच्या कुठल्या थरातून जातो, घोड्याला का दुखत नाही, यावर एक शब्द नाही. ज्या खुरांवर टपाल, लढाया, शेती चालली, त्यांना निदान एक अख्खा भाग हवा होता. मी त्यांना तसं कळवलंय.

फोनवर चित्रं बारीक दिसतात, मोठ्या पडद्यावरच बघा.