माझा फोटो दाखवून कोणी पैसे मागितले, तर देऊ नका

गेल्या महिन्यात लातूरकडच्या एका मुलीचा मेसेज आला. "ताई, तुम्हाला पहिली मालिका यांनीच मिळवून दिली ना? साठ हजार डिपॉझिट मागतायत. बाबा सोनं गहाण टाकायला निघालेत, म्हणून विचारते." सोबत एक जाहिरात होती. तीत माझा मालिकेतला नऊवारीतला फोटो आणि खाली 'आमच्याकडे घडलेले कलाकार'.

ज्या माणसाने माझ्या वडिलांना लुबाडलं, तोच आता माझा चेहरा दाखवून दुसऱ्यांच्या वडिलांना लुबाडतोय. त्या मुलीने अजून काही भरलं नव्हतं, एवढं तरी बरं. पण माझ्यापर्यंत न पोचलेल्या किती असतील, या विचाराने झोप लागत नाही. म्हणून झालं ते सगळं इथे लिहितेय.

मी बार्शीची. बाबा एसटीत कंडक्टर होते. घरात नाटकाशी कुणाचा संबंध नव्हता, पण कॉलेजात एकांकिका करायला लागले आणि मग सोलापूरच्या हुतात्मा स्मृती मंदिरात राज्य नाट्य स्पर्धेच्या प्रयोगात एक छोटी भूमिका मिळाली. त्या रंगमंचावर उभं राहिल्यावर दुसरं काही करायचंच नाही हे पक्कं झालं. फोटो आणि व्हिडिओ टाकायला लागले, कास्टिंगच्या ग्रुपमध्ये प्रोफाइल पाठवायला लागले. तिथूनच त्या माणसाला माझा नंबर मिळाला.

फोन करणारा माणूस गोड बोलणारा नव्हता, आणि हे मुद्दाम सांगतेय. तो रुक्षपणे, घाईत बोलायचा, खऱ्या कामाच्या माणसासारखा. नव्या मालिकेचं कास्टिंग सुरू आहे, नायिकेच्या धाकट्या बहिणीचा ट्रॅक आहे, सेल्फ टेप (स्वतःच काढलेला ऑडिशनचा व्हिडिओ) पाठवा. दोन पानांचा सीन आला. आधी नाव, वय, उंची सांगायची, मग डावी-उजवी प्रोफाइल दाखवायची, मग सीन. खऱ्या ऑडिशनला हेच मागतात. टेप पाठवली तर उत्तर आलं, "न आणि ण नीट करा, पुन्हा पाठवा." माझ्याबरोबर कॉलेजातल्या दोन मैत्रिणींनीही पाठवली होती. त्यांना सरळ नकार आला. सगळ्यांना हो म्हणणारा माणूस संशयास्पद वाटतो. हा चुका काढत होता, नकार देत होता, त्यामुळे त्याच्या होकाराला किंमत आली.

मग आर्टिस्ट कार्डासाठी, म्हणजे कलाकाराच्या ओळखपत्रासाठी, 2,500 रुपये. रक्कम लहान, घरात चर्चाही झाली नाही. ते भरल्यावर मुंबईचं बोलावणं आलं.

अंधेरी पश्चिमेला एका इमारतीत ऑफिस होतं. भिंतीवर त्या माणसाचे नटनट्यांसोबतचे फोटो, एका खोलीत दिवे आणि कॅमेरा, बाहेर बसलेली पाच-सहा मुलंमुली. माझं मॉक शूट (नमुन्याचं शूटिंग) झालं, लूक टेस्ट झाली. कुणीतरी केस बांधले, कुणीतरी नथ लावून बघितली. मग बाबांना आत बोलावलं. "काका, पोरीत दम आहे. चॅनेलला आवडलीय. लॉक समजा. फक्त ग्रूमिंग कमी पडतंय." ग्रूमिंग आणि पोर्टफोलिओ मिळून 45,000, वर 18 टक्के जीएसटी म्हणजे 8,100. त्यानंतर करार, आणि करारासाठी 60,000 सिक्युरिटी डिपॉझिट, पहिल्या चेकबरोबर परत. का? तर मुली मध्येच मालिका सोडून जातात आणि चॅनेलचं नुकसान होतं.

बाबा गप्प बसलेले पाहून त्याने टेबलावरचा लॅपटॉप फिरवला आणि लहान गावांतून आलेल्या कलाकारांचे फोटो एकेक करून दाखवले. सुशांत सिंह राजपूतचाही होता. "बिहारचा मुलगा. कोण होतं मागे? संधी एकदाच येते, काका." सगळ्यात जास्त चीड मला याची येते. सुशांतने दिल्लीचं इंजिनिअरिंग कॉलेज अर्धवट सोडलं, नाचाच्या ग्रुपमध्ये मागच्या रांगेत नाचला, नादिरा बब्बर यांच्या 'एकजुट'मध्ये नाटकं केली. तिथे रंगमंचावर पाहून त्याला ऑडिशनला बोलावलं, 2008 मध्ये पहिली मालिका मिळाली आणि 2009 मध्ये 'पवित्र रिश्ता'ने तो घराघरांत पोचला. ही सगळी मधली वर्षं हे लोक कापून टाकतात. गाव आणि प्रसिद्धी एवढीच दोन टोकं दाखवतात आणि मधल्या जागेत स्वतःच्या फीचं पत्रक ठेवतात. स्वप्न पाहणाऱ्या माणसाला त्या क्षणी मधलं काही आठवत नाही.

बाबांनी पतपेढीतून कर्ज काढलं. एकूण 1,15,600 रुपये गेले.

पुढे काय झालं ते तुम्ही ओळखलंच असेल. चॅनेलने लाँच पुढे ढकललं, मग स्लॉट बदलला, मग नायिका बदलली म्हणून बहिणीचंही कास्टिंग नव्याने होणार असं कळलं. मग फोन लागेना. दादा अंधेरीला जाऊन आला. त्या जागेत दुसरंच काहीतरी सुरू होतं. ऑफिस तासांवर भाड्याने मिळणारं होतं.

कागद मात्र नीट बघण्यासारखे आहेत, कारण आजही तेच कागद फिरतायत. पावतीवर जीएसटी क्रमांक छापलेला होता. खरा जीएसटी क्रमांक 15 अक्षर-अंकांचा असतो, महाराष्ट्रातला असेल तर सुरुवात 27 ने होते आणि पुढची दहा अक्षरं पॅन क्रमांकाची असतात. आमच्या पावतीवर तेराच होती. जीएसटीच्या सरकारी पोर्टलवर क्रमांक टाकला की नोंदणी कुणाच्या नावाने आहे ते फुकट दिसतं. पैसे मात्र यूपीआयने एका बाईच्या वैयक्तिक खात्यात गेले होते. तिचं नाव त्या ऑफिसात कुणी कधी घेतलंही नव्हतं.

आणि करार. 500 रुपयांचा स्टॅम्प पेपर, वर ठळक अक्षरात मालिकेचं तात्पुरतं नाव. आत चौथ्या पानावर एक वाक्य होतं : 'संस्था प्रशिक्षणार्थीस संधी मिळवून देण्याचा प्रयत्न करील, निवडीची हमी राहणार नाही.' म्हणजे कागदावर मी कलाकार नव्हतेच, प्रशिक्षणार्थी होते. डिपॉझिटला कागदावर 'प्रशिक्षण शुल्क, विनापरतावा' असं नाव होतं. पोलीस ठाण्यात गेलो तेव्हा तिथल्या साहेबांनी हेच पान उघडून दाखवलं आणि म्हणाले, "हा तर दिवाणी वाद आहे." करारातलं ते वाक्य आमच्यासाठी घातलेलं नव्हतंच, पोलिसांच्या टेबलावर उघडण्यासाठीच घातलं होतं. बाबा त्या दिवशी परतीच्या गाडीत एक शब्द बोलले नाहीत. त्यांनी नोकरीभर लोकांचे सुट्टे पैसे मोजून परत दिलेत. त्यांना असं वागवलं गेलं याचा राग माझ्या मनातून आजही गेलेला नाही.

मी मुंबई सोडली नाही. गोरेगावला पीजीत राहिले, एका दुकानात अर्धवेळ काम केलं आणि ऑडिशन देत राहिले. वर्सोव्याचं आराम नगर, अंधेरीतली ऑफिसं, गोरेगावच्या चित्रनगरीचे सेट. काही ठिकाणी उन्हात तासन् तास उभं राहावं लागलं, काही ठिकाणी 'नॉट फिट' ऐकून दोन मिनिटांत बाहेर. पण यातल्या एकाही खऱ्या ठिकाणी कुणी एक रुपया मागितला नाही. गेटवर नाव लिहून घेतात, सीन देतात, कॅमेऱ्यासमोर उभं करतात, बस्स.

पहिलं काम नर्सचं मिळालं. एका दिवसाचं, दोन वाक्यांचं, साडी स्वतःची नेली होती. पैसे तीनेक महिन्यांनी आले. मालिकांच्या धंद्यात 90 दिवसांनी पैसे येणं ही रीतच पडून गेलीय. त्यातून काम मिळवून देणाऱ्या कोऑर्डिनेटरने त्याचं कमिशन कापून घेतलं. हे कमिशन साधारण 10 ते 20 टक्के असतं आणि ते झालेल्या कामाच्या पैशातून जातं. या क्षेत्रात पैसा निर्मात्याकडून कलाकाराकडे वाहतो. उलटा वाहायला लागला की समोरचा निर्माता नाही, हे समजून तिथून उठावं. त्यानंतर पोलिसीण, शेजारीण, नायकाची ऑफिसातली सहकारी अशी कामं होत गेली आणि ठाण्याच्या घोडबंदर रोडवरच्या एका सेटवर मला आत्ताची भूमिका मिळाली. तीही ऑडिशन, मॉक शूट, लूक टेस्ट, चॅनेलची मंजुरी याच पायऱ्यांनी, आणि करार थेट निर्मितीसंस्थेशी. त्यात मला दिवसाला किती मिळणार हे लिहिलेलं होतं, मी किती द्यायचं हे नव्हतं.

पोर्टफोलिओ हवा असतोच का, असं बऱ्याच मुली विचारतात. सुरुवातीला मेकअपशिवायचे, स्वच्छ उजेडातले चार साधे फोटो आणि एक इंट्रो व्हिडिओ पुरतो. आमच्याच फोटोग्राफरकडून काढा असा हट्ट धरणारा फोटोंचाच धंदा करतोय. आर्टिस्ट कार्डाचंही तसंच. ऑडिशनला कुठलंही कार्ड लागत नाही. 'सिंटा' ही कलाकारांची संघटना 1958 पासून आहे. तिचं सदस्यत्व घ्यायचं असेल तर तिच्याकडे थेट अर्ज करायचा, मधल्या माणसाला पैसे देऊन नाही. आणि कुणी निर्मितीसंस्थेचं नाव सांगितलं तर त्याने दिलेल्या नंबरवर चौकशी करू नका, त्या संस्थेचा नंबर स्वतः शोधून तिथे विचारा.

लहान मुलांच्या आईवडिलांना तर हे लोक फार लवकर गाठतात. त्यांना एक गोष्ट माहीत असू द्या. बालकलाकाराला काम देणाऱ्या निर्मात्याला जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यावी लागते. मुलाला दिवसात पाच तासांपेक्षा जास्त आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त राबवता येत नाही. त्याच्या कमाईतला किमान 20 टक्के भाग त्याच्याच नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत टाकावा लागतो. 'मुलाची निवड झाली' म्हणणाऱ्याला परवानगी कोण आणि कधी काढणार एवढंच विचारा. ज्याला खरंच शूटिंग करायचंय त्याच्याकडे याचं उत्तर तयार असतं.

ज्यांचे पैसे नुकतेच गेलेत त्यांनी लगेच 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करावा. पैसे पुढच्या खात्यातून निघून जाण्याआधी तिथे अडवता येऊ शकतात, म्हणून एकेक तास महत्त्वाचा. त्यानंतर सायबर गुन्ह्यांच्या राष्ट्रीय पोर्टलवर तक्रार टाका आणि बँकेला लेखी कळवा. चॅट पुसू नका, कॉलची नोंद, यूपीआयचा व्यवहार क्रमांक, पावती, कराराचं प्रत्येक पान जपून ठेवा. घरचे काय म्हणतील म्हणून गप्प बसू नका, त्या गप्प बसण्यावरच हा धंदा चालतो.

ज्या कुणाला 'आमच्याकडे घडलेले कलाकार' म्हणून माझा फोटो दाखवून पैसे घेतले गेले असतील त्यांना एक विनंती आहे. मी त्या जाहिरातीबद्दल सायबर पोलिसांकडे तक्रार दिली आहे. तुम्हीही आपापल्या पोलीस ठाण्यात लेखी तक्रार द्या आणि पोचपावती घ्या. एकटीची तक्रार 'करारातला वाद' म्हणून बाजूला टाकता येते. वेगवेगळ्या जिल्ह्यांतून तेच पान, तेच वाक्य, तेच खातं पुढे आलं, तर फसवायचा हेतू पहिल्या फोनपासूनच होता हे दिसतं, आणि भारतीय न्याय संहितेच्या कलम 318 खाली फसवणुकीचा गुन्हा सिद्ध करायला तो हेतूच दाखवावा लागतो.