युगान्त: आईशी भांडत वाचलेलं पुस्तक

पुण्याच्या अप्पा बळवंत चौकातून इरावती कर्व्यांचं महाभारतावरचं ‘युगान्त’ आणलं. माझी आधीची प्रत भाचीने नेली ती नेलीच. नव्या प्रतीची बांधणी यथातथाच, गांधारीवरच्या लेखापर्यंत येता येता दोन पानं हातात आली. असो.

मूळ लेखन १९६७चं, १९६८चा साहित्य अकादमी पुरस्कार याला मिळाला. बाई मानववंशशास्त्राच्या, डेक्कन कॉलेजात शिकवणाऱ्या, त्यामुळे महाभारताकडे पोथी म्हणून बघत नाहीत. नातीगोती, वारसा, जमीन काय म्हणते ते बघतात. आधार भांडारकर संस्थेच्या संशोधित आवृत्तीचा.

‘मयसभा’ हा लेख वाचून मी रात्रभर अस्वस्थ होते. खांडववन जाळलं याला आपण लहानपणापासून पराक्रम म्हणत आलो. बाई विचारतात, आत राहणाऱ्या नागांचं, पशुपक्ष्यांचं काय? सगळं जाळलं ते शेवटी जमिनीसाठी. विदुर हाच धर्मराजाचा बाप असेल, हा तर्क मात्र मला ताणलेला वाटतो. नियोगाच्या, म्हणजे नवऱ्याऐवजी दुसऱ्या पुरुषाकडून मूल होऊ देण्याच्या, चालीवरून त्या तो बांधतात, पण पुरावा तोकडाच.

आईला रोज संध्याकाळी थोडं वाचून दाखवत होते. वय ८१, हरिविजय-पांडवप्रताप या पोथ्या पाठ. द्रौपदीच्या अखेरच्या क्षणी भीम मागे वळून तिच्याजवळ येतो, हा प्रसंग बाईंच्या कल्पनेतला. आई फणकारली, “हे व्यासांनी कुठं लिहिलंय?” दुसऱ्या दिवशी भाजी निवडता निवडता म्हणाली, “ते भीमाचं परत वाच गं.”