कोर्टाजवळचं टायपिंग सेंटर, सोलापूर: टायपिंग चोख, फसवणुकीच्या दाव्याचा नमुना कच्चा

मराठी टायपिंग शुद्ध, समास नीट. पण तयार नमुन्यात 'फसवणूक नुकतीच समजली' एवढंच! खरेदीखत रद्द करून घ्यायला मुदत 3 वर्षं. फसवणुकीत मुदत कायदा, 1963च्या कलम 17नुसार ती फसवणूक कळल्यापासून, किंवा वाजवी चौकशीने कळू शकली असती तेव्हापासून धावते. म्हणून कोण, कधी, काय खोटं बोललं आणि ते कुठल्या कागदावरून, कोणत्या तारखेला कळलं, हे वादपत्रातच (दाव्याच्या मूळ अर्जातच) लिहून घ्या. 'नंतर दुरुस्ती करू' महागात पडतं: खटल्याची प्रत्यक्ष सुनावणी सुरू झाल्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 6, नियम 17चं परंतुक (नियमाला जोडलेली अट) दुरुस्तीच्या आडवं येतं. दुरुस्ती मंजूर झाली आणि कोर्टाने वेगळी मुदत दिली नसेल, तर 14 दिवसांत ती वादपत्रात उतरवावी लागते. झेरॉक्स मात्र इथे झटपट.