रुळालगत जागा घेण्यापूर्वी: अमेरिकेतील मोठ्या, मध्यम आणि छोट्या रेल्वे कंपन्यांची तुलना

अमेरिकेत कारखाना, धान्याचे कोठार किंवा इमारती लाकडाचे वितरण केंद्र उभारणाऱ्या उद्योजकाला जागा ठरवतानाच एक प्रश्न सोडवावा लागतो, तो म्हणजे आपल्या आवारात येणारा रूळ कोणत्या प्रकारच्या रेल्वे कंपनीचा असावा. सबंध देशाची मिळून एकच रेल्वे तेथे नाही. सुमारे सव्वादोन लाख किलोमीटरच्या मालवाहू जाळ्यावर सहाशेच्या आसपास कंपन्या गाड्या चालवतात आणि बहुतेक ठिकाणी रूळही त्यांच्याच मालकीचे असतात. रुळांमधले अंतर मात्र सर्वत्र १,४३५ मिलिमीटर असल्यामुळे एकच वाघीण, म्हणजे मालाचा डबा, तीन-चार कंपन्यांच्या हद्दींतून, माल न उतरवता, देशाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जाऊ शकते. त्यामुळे आपली वाघीण कोणाकडून कोणाकडे जाईल आणि अशा प्रत्येक हस्तांतरणात किती दिवस व किती पैसे खर्च होतील, हे आधी विचारावे. माझ्या मते निवडीचा निम्म्याहून अधिक निकाल या एका प्रश्नावर लागतो.

सरकारी वर्गीकरण या कामी थोडेच उपयोगी पडते. रेल्वेचे आर्थिक नियमन करणारे सरफेस ट्रान्सपोर्टेशन बोर्ड कंपन्यांचे वार्षिक उत्पन्नानुसार तीन वर्ग पाडते. २०२१ मध्ये पहिल्या वर्गाची किमान मर्यादा, २०१९ च्या किमतींनुसार, ९० कोटी डॉलर करण्यात आली. दुसऱ्या वर्गाची मर्यादा सुमारे ४ कोटी डॉलरपासून सुरू होते आणि त्याखालच्या सर्व कंपन्या तिसऱ्या वर्गात मोडतात. हे वर्ग कंपनीची मिळकत सांगतात, सेवेची प्रत सांगत नाहीत.

पहिल्या वर्गाच्या सहा कंपन्या

पश्चिमेकडे बीएनएसएफ आणि युनियन पॅसिफिक, पूर्वेकडे सीएसएक्स आणि नॉरफोक सदर्न, आणि कॅनडातून उतरणाऱ्या कॅनेडियन नॅशनल व कॅनेडियन पॅसिफिक कॅन्सस सिटी अशा सहा कंपन्या या वर्गात आहेत. शेवटची कंपनी २०२३ मधील विलीनीकरणातून तयार झाली असून तिचे रूळ कॅनडापासून मेक्सिकोपर्यंत सलग जातात. अमेरिकेच्या आत मात्र पूर्व किनाऱ्यापासून पश्चिम किनाऱ्यापर्यंत पोहोचणारी एकही कंपनी नव्हती. पूर्वेची आणि पश्चिमेची हद्द साधारणपणे मिसिसिपी नदीच्या पट्ट्यात मिळते आणि शिकागो, सेंट लुईस, मेम्फिस, न्यू ऑर्लिन्स अशा शहरांत वाघिणी एकीकडून दुसरीकडे सोपवल्या जातात. युनियन पॅसिफिक आणि नॉरफोक सदर्न यांनी जुलै २०२५ मध्ये विलीनीकरणाची घोषणा केली. अशा विलीनीकरणाला बोर्डाची मंजुरी लागते, म्हणून या दोहोंपैकी एकीच्या भरवशावर वीस वर्षांची गुंतवणूक करणाऱ्याने करारात ही शक्यता धरूनच चालावे.

या कंपन्यांचे खरे सामर्थ्य एकाच मालाच्या अखंड गाडीत आहे. शंभर किंवा त्याहून अधिक वाघिणींची गाडी एका ठिकाणी भरायची, वाटेत कोठेही न तोडता दुसऱ्या ठिकाणी रिकामी करायची आणि तशीच परत न्यायची, या पद्धतीने वायोमिंगचा कोळसा, मध्य-पश्चिमेचा मका आणि इथेनॉल वाहून नेले जाते. ज्याच्याकडे एवढा माल आहे आणि एवढी लांब गाडी उभी राहील असा वळसा घालणारा रूळ स्वतःच्या जमिनीवर टाकण्याची ऐपत आहे, त्याने दुसरा पर्याय शोधण्याचे कारण नाही, कारण टनामागचा दर येथे सर्वांत कमी पडतो.

आठवड्याला पाच-दहा वाघिणींचा माल असणाऱ्याची गोष्ट वेगळी आहे. अनेक रेल्वे कंपन्यांचे प्रमुख राहिलेल्या हंटर हॅरिसन यांनी पुढे आणलेली ‘प्रिसिजन शेड्यूल्ड रेलरोडिंग’ ही कार्यपद्धती गेल्या दशकात बहुतेक मोठ्या कंपन्यांनी कमी-अधिक प्रमाणात स्वीकारली. लांब गाड्या, मोजकी यार्डे आणि कमी मनुष्यबळ हे तिचे दृश्य परिणाम होते. २०१७ मध्ये सीएसएक्सवर ती लागू होताना माल इतका अडकला, की बोर्डाने त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सुनावणी घेतली. एप्रिल २०२२ मध्ये कर्मचाऱ्यांच्या तुटवड्यामुळे कोलमडलेल्या सेवेबद्दल चार मोठ्या कंपन्यांची पुन्हा सुनावणी झाली. या दोन्ही प्रसंगांत सर्वाधिक भरडला गेला तो एकेका वाघिणीचा ग्राहक. त्याची वाघीण आज आली नाही तरी कंपनीच्या ताळेबंदावर काहीच फरक पडत नाही, आणि त्याच्या कारखान्यातली पाळी मात्र बंद पडते.

दराच्या बाबतीतही सावध राहावे लागते. वाजवी मागणी केल्यास माल वाहून नेणे हे कायद्याने रेल्वेचे कर्तव्य आहे, परंतु तो कोणत्या दराने, हे १९८० च्या स्टॅगर्स कायद्यापासून बव्हंशी कंपनी ठरवते. ज्या ग्राहकाला एकाच रेल्वेची सेवा उपलब्ध आहे, त्याला बोर्डाकडे दाद मागता येते. मात्र त्यासाठी दर हा मालाच्या प्रमाणानुसार बदलणाऱ्या खर्चाच्या १८० टक्क्यांहून अधिक असल्याचे आणि ट्रकसारखा परिणामकारक पर्याय नसल्याचे सिद्ध करावे लागते. अशी प्रकरणे खर्चीक आणि लांबलचक असल्यामुळे मध्यम उद्योजकाला हे संरक्षण बहुधा कागदावरच राहते.

छोट्या मार्गांच्या कंपन्या

आज देशातील मालवाहू मार्गांपैकी सुमारे तीस टक्के मार्ग छोट्या आणि मध्यम कंपन्यांकडे आहेत. त्यांपैकी बरेचसे मार्ग मोठ्या कंपन्यांनी तोट्याच्या म्हणून टाकलेल्या शाखा होत्या. १९७० मध्ये पेन सेंट्रल या मोठ्या रेल्वे कंपनीचे दिवाळे निघाले, १९७६ मध्ये सरकारने ईशान्येकडील बुडालेल्या कंपन्या एकत्र करून कॉनरेल उभी केली, आणि स्टॅगर्स कायद्यानंतर शाखा विकणे सोपे झाल्यावर स्थानिक उद्योजक, कुटुंबे, कधी राज्य सरकारेही हे मार्ग घेऊ लागली. व्हर्माँटसारख्या राज्यात रूळ राज्याच्या मालकीचे आणि गाड्या खासगी कंपनीच्या अशी व्यवस्था १९६० च्या दशकापासून आहे. याउलट, १८९९ मध्ये न्यूयॉर्क राज्यातील एका मिठाच्या खाणीसाठी सुरू झालेली जेनेसी अँड वायोमिंग ही आज शंभरांहून अधिक छोट्या रेल्वेंची मालक आहे. म्हणजे ‘छोटी रेल्वे’ म्हटली, तरी तिच्यामागे मोठे भांडवल असू शकते आणि नसूही शकते.

या मार्गांवरचे काम जवळून पाहिले की त्यांचा गुण ध्यानात येतो. एक इंजिन आणि दोन माणसे सकाळी निघतात. कारखान्याच्या फाट्याशी गाडी थांबते, एक जण खाली उतरून कुलूप काढतो, जमिनीलगतचा दांडा हाताने ओढून सांधा बदलतो आणि इंजिनाला मागे येण्याची खूण करतो. भरलेल्या दोन वाघिणी बाहेर काढल्या जातात, रिकामी वाघीण तिसऱ्या दाराशी नेमकी नळीखाली उभी केली जाते, हवेचे पाईप जोडून ब्रेक तपासले जातात आणि वाघिणीच्या अंगावरचा क्रमांक टिपून घेतला जातो. त्या माणसाला कारखान्याचा पर्यवेक्षक ओळखतो, आणि दुपारी आणखी एक वाघीण हवी असल्यास त्यालाच फोन करतो. एका वाघिणीत तीन ते चार ट्रकांचा माल मावतो, त्यामुळे आठवड्याला पाच वाघिणींचा ग्राहकही या कंपनीच्या दृष्टीने मोठा असतो. मोठ्या कंपनीकडून हे लक्ष पैसे मोजूनही मिळत नाही.

तरीही या कंपन्यांचे दोष सौम्य मानू नयेत. पहिला दोष रुळांचा. मोठ्या कंपन्यांच्या मुख्य मार्गांवर मालासकट २,८६,००० पौंडांची, म्हणजे सुमारे १३० टनांची वाघीण सर्रास चालते. अनेक जुन्या शाखांवरील पूल आणि रूळ २,६३,००० पौंडांच्या, म्हणजे सुमारे ११९ टनांच्या हिशोबाने बांधलेले आहेत. अशा मार्गावर प्रत्येक वाघीण दहा-अकरा टन कमी भरावी लागते आणि वाहतुकीचा दर बहुधा वाघिणीमागे असल्यामुळे हे नुकसान रोजचे होते. रुळांची स्थिती समजण्यासाठी रेल्वेसुरक्षा पाहणाऱ्या फेडरल रेलरोड अॅडमिनिस्ट्रेशन या केंद्रीय संस्थेची स्वतंत्र श्रेणी पाहावी. तिचा क्रम उत्पन्नाच्या वर्गांच्या उलट आहे: तेथे पहिल्या श्रेणीच्या रुळावर मालगाडीला ताशी १६ किलोमीटरच वेग परवानगीचा असतो, दुसऱ्या श्रेणीवर ४० आणि चौथ्या श्रेणीवर सुमारे ९७. कमी वेग हा स्वतःहून वाईट नव्हे. वीस किलोमीटरच्या शाखेवर ताशी १६ किलोमीटर पुरतात. छोट्या कंपन्यांना रूळदुरुस्तीसाठी मिळणारी करसवलत डिसेंबर २०२० मध्ये कायमस्वरूपी झाली, हे त्यांच्या भवितव्याच्या दृष्टीने चांगले चिन्ह आहे.

दुसरा दोष नकाशावर दिसत नाही आणि म्हणून अधिक घातक आहे. छोट्या कंपनीचे रूळ दोन मोठ्या कंपन्यांना जाऊन मिळतात असे पाहून खरेदीदार समजतो की आपल्याला दोन दर मागवता येतील. प्रत्यक्षात, शाखा विकताना किंवा भाड्याने देताना मोठ्या कंपनीने पुष्कळदा अशी अट घातलेली असते, की येथील माल फक्त आपल्याकडेच सोपवावा, दुसरीकडे दिल्यास जबर भरपाई द्यावी किंवा भाडे वाढवून द्यावे. या व्यवसायात याला ‘पेपर बॅरियर’ म्हणतात. रूळ जोडलेले असतात, सांधा असतो, आणि तरी वाघीण तिकडे जाऊ शकत नाही. जागेच्या करारावर सही करण्यापूर्वी अशी अट आहे का, याचे लेखी उत्तर छोट्या कंपनीकडून घ्यावेच घ्यावे.

मालकीचा प्रश्नही याच्याशी जोडलेला आहे. माँटाना रेल लिंक ही कंपनी १९८७ पासून भाडेपट्ट्याच्या मुख्य मार्गावर उत्तम चालत होती. तिचा पट्टा मुदतीआधीच संपवण्यात आला आणि जानेवारी २०२४ पासून तो मार्ग पुन्हा बीएनएसएफकडे गेला. ग्राहकाने काहीही न करता त्याची रेल्वे बदलली.

मध्यम कंपन्या आणि टर्मिनल रेल्वे

मध्यम, म्हणजे प्रादेशिक कंपन्या मोजक्याच आहेत, पण त्यांच्या हद्दीत जागा मिळत असेल तर ती आधी पाहावी असे मी सुचवेन. रॉक आयलंड रेल्वे १९८० मध्ये बंद पडल्यानंतर तिच्या मार्गावर १९८४ मध्ये उभी राहिलेली आयोवा इंटरस्टेट कौन्सिल ब्लफ्सपासून शिकागोच्या परिसरापर्यंत धावते आणि अनेक मोठ्या कंपन्यांशी वाघिणींची देवघेव करते. फ्लोरिडा ईस्ट कोस्ट ही जॅक्सनव्हिल ते मायामी हा सुमारे ५६५ किलोमीटरचा मार्ग चालवते. अशा कंपनीत रूळ बहुधा जड वाघिणींना पेलणारे असतात आणि ग्राहकाचा फोन उचलणारा माणूसही असतो.

टर्मिनल रेल्वे हा प्रकार बाहेरच्या माणसाला फारसा ठाऊक नसतो. बेल्ट रेल्वे ऑफ शिकागो किंवा १८८९ मध्ये स्थापन झालेली टर्मिनल रेलरोड असोसिएशन ऑफ सेंट लुईस या कंपन्या मोठ्या रेल्वेंच्या सामाईक मालकीच्या आहेत आणि शहरातल्या शहरात वाघिणी एका यार्डातून दुसऱ्या यार्डात नेणे हेच त्यांचे मुख्य काम आहे. सेंट लुईसच्या या संस्थेने नदीवरील पूल आपल्या ताब्यात ठेवून बाहेरच्यांना अडवू नये, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९१२ मध्ये दिला होता. १९९९ मध्ये कॉनरेलची वाटणी झाली, तेव्हा उत्तर न्यू जर्सी, फिलाडेल्फियाचा परिसर आणि डेट्रॉइट येथे सीएसएक्स व नॉरफोक सदर्न या दोघींनाही पोहोचता यावे म्हणून सामाईक क्षेत्रे राखण्यात आली. स्पर्धात्मक दर हवे असतील तर याहून चांगली जागा नाही. अडचण जमिनीच्या किमतीची आणि गर्दीची आहे. देशातील रेल्वेमालापैकी सुमारे पाव हिस्सा शिकागोशी संबंधित असतो, त्यामुळे तेथे हिवाळ्यात एक हिमवादळ आले तरी वाघिणी दिवसेंदिवस खोळंबतात.

प्रवासी मार्गालगतची जागा

१ मे १९७१ रोजी सुरू झालेली अॅमट्रॅक ही राष्ट्रीय प्रवासी रेल्वे बहुतांश ठिकाणी मालवाहू कंपन्यांच्या रुळांवरून धावते, आणि तेथे मालाच्या ग्राहकाला तिचा फारसा त्रास नसतो. वॉशिंग्टन ते बॉस्टन पट्ट्यात स्थिती उलटी होते. तेथील बहुतेक मार्ग अॅमट्रॅकच्या मालकीचा असून मालगाडी पाहुणी म्हणून, बहुधा रात्रीच्या वेळी येते. उपनगरी गाड्यांच्या मार्गांवरही असेच घडते. रात्रपाळीत वाघिणी हाताळण्याची तयारी नसेल तर अशी जागा घेऊ नये. अलास्काचा प्रकार आणखी वेगळा आहे: तेथील रेल्वे १९८५ पासून राज्याच्या मालकीची आहे, उर्वरित जाळ्याशी तिचे रूळ जोडलेले नाहीत, आणि सिॲटलहून निघालेल्या वाघिणी तराफ्यावरून समुद्रमार्गे व्हिटियरला उतरतात.

कंटेनरने भागत असेल तर या साऱ्या तुलनेची गरज उरत नाही. कंटेनर ट्रकने जवळच्या टर्मिनलवर न्यावा, स्वतःच्या रुळावर खर्च करू नये.

निवड कशी करावी

अखंड गाडीचा माल असेल तर मोठी कंपनी घ्यावी. आठवड्याला पाच ते तीस वाघिणी आणि हजार किलोमीटरहून लांबचे ग्राहक असतील, तर दोन मोठ्या कंपन्यांशी अटीविना जोडलेली छोटी किंवा मध्यम कंपनी मला सर्वांत सुरक्षित वाटते. एखाद्या दिवसाचा विलंब पत्करूनही तिच्याकडे दराची घासाघीस करता येते. छोटी कंपनी एकाच मोठीला बांधलेली असेल, तर ग्राहकाला सेवा चांगली मिळते पण दर मक्तेदारीचाच लागतो, आणि हा सौदा जमीन पुरेशी स्वस्त असेल तरच करावा.

प्रत्यक्ष चौकशीत आठवड्यातून किती दिवस गाडी येते, कोणत्या वारी येते, वाघीण कोठे सोपवली जाते आणि तेथून उचलायला किती वेळ लागतो, हे विचारावे. विलंबशुल्काचा तपशील विसरू नये, कारण काही मोठ्या कंपन्यांनी वाघीण रिकामी करण्याची मोफत मुदत ४८ तासांवरून २४ तासांवर आणली आहे, आणि चार दिवसांच्या वाघिणी एकाच दिवशी आल्या तर दोष रेल्वेचा असला तरी बिल ग्राहकाला येते. त्याच मार्गावरील एखाद्या जुन्या ग्राहकाला भेटून त्याची मागच्या वर्षभरातील विलंबशुल्काची बिले पाहायला मागावीत. कंपनीच्या विक्री विभागाने दिलेल्या माहितीपत्रकापेक्षा ती बिले अधिक विश्वासार्ह असतात.