एल्ब्रुस की अवाचा?

रशियात एकच डोंगर चढायचा म्हटलं की बहुतेकांच्या तोंडी एल्ब्रुसच येतो. कॉकेशसमधला ५,६४२ मीटरचा हा पर्वत युरोपातला सर्वांत उंच, आणि मुळात ज्वालामुखीच. पण निद्रिस्त, अंगावर बर्फाची जाड दुलई. धूर ओकणारं विवर बघायच्या आशेने जाल तर हिरमुसून परत याल.

त्याची सोय हीच त्याची खोडी आहे. अझाऊहून रोपवे ३,८०० मीटरच्या वर नेऊन सोडतो. पुढे पास्तुखोव्ह खडकांपर्यंत रात्राकने, म्हणजे बर्फावर चालणाऱ्या ट्रॅक्टरने, मध्यरात्रीच जाणारेही पुष्कळ. पाय ताजे राहतात, पण विरळ हवेची सवय अंगाला झालेली नसते आणि डोकं ठणकायला लागतं. दक्षिणेची वाट तशी अवघड नाही. मात्र दोन शिखरांमधल्या खिंडीपाशी ढग उतरले की बर्फ आणि आभाळ एकच होतं, आणि वाट चुकलेला माणूस भेगाळ हिमनदीवर जाऊन पोहोचतो. हाताशी आठवडाभर नसेल तर एल्ब्रुसच्या नादी लागू नका.

कामचाट्का हे देशाचं पार दुसरं टोक: मॉस्कोच्या पुढे नऊ तास चालणारं घड्याळ आणि लांबलचक विमानप्रवास. तिथला अवाचा उंचीला जेमतेम २,७४१ मीटर. पेट्रोपाव्लोव्स्क शहराच्या मागेच असल्याने तिथले लोक त्याला 'घरचा ज्वालामुखी' म्हणतात. पायथ्याच्या तळावरून चढून एका दिवसात परत येता येतं. शेवटचा टप्पा मात्र लालसर सुट्या खडीचा, पाय सारखा घसरतो. वर पोहोचल्यावर १९९१च्या उद्रेकात विवरात भरून गोठलेलं लाव्हाचं काळं बूच दिसतं. कडेने गंधकाचे पिवळे थर, आणि वारा फिरला की वाफ थेट घशात. ज्वालामुखी पाहिल्याचं समाधान हवं असेल तर माझं मत अवाचालाच. शेजारचा कोर्याक्स्की जास्त देखणा आहे, पण त्याचा चढ अंगावर येतो. तो सराईत गिर्यारोहकांसाठी सोडा.

राहिला क्ल्युचेव्हस्काया. युरेशियातला हा सर्वांत उंच जागृत ज्वालामुखी साधारण ४,७५० मीटरचा. नेमका आकडा उद्रेकागणिक बदलतो. सप्टेंबर २०२२मध्ये बारा जणांच्या चमूतले नऊ जण तिथे दगावले. तो क्ल्युची गावातून, तीसेक किलोमीटरवरूनच पाहावा.