स्टीव्ह मार्टिनचं ‘बॉर्न स्टँडिंग अप’: टाळ्यांच्या आधीची वर्षं

समोर एकही माणूस नाही आणि प्रयोग सुरू करायचा. का, तर रस्त्याने जाणाऱ्याला काचेतून दिसलं पाहिजे की आत काहीतरी चाललंय. तरच तो आत वळणार. सॅन फ्रान्सिस्कोच्या एका कॉफीहाऊसमध्ये विशीतल्या स्टीव्ह मार्टिनने, म्हणजे पुढे गाजलेल्या अमेरिकन विनोदवीर-अभिनेत्याने, हेही केलंय. सोसायटीच्या गणपतीत मी एकपात्री करतो. तिथे निदान पहिल्या रांगेत दंगा करणारी पोरं तरी असतात.

२००७ साली आलेलं हे आत्मकथन फक्त स्टँड-अपपुरतं आहे. त्याचाच हिशेब: एकूण १८ वर्षं, त्यातली १० शिकण्यात, ४ घासूनपुसून घेण्यात आणि ४ तुफान यशात. १९८१ मध्ये त्याने स्टेज सोडलं. सिनेमातले किस्से हवे असतील तर पैसे घालवू नका.

मला आवडला तो धंद्याचा तपशील. दहाव्या वर्षी डिस्नेलँडमध्ये माहितीपुस्तिका विकणं, मग तिथल्याच जादूच्या दुकानात काउंटरवर उभं राहून गिऱ्हाइकांना हसवत माल खपवणं. एका ड्राइव्ह-इनमध्ये तर प्रेक्षक गाडीत बसलेले. विनोद आवडला की हॉर्न वाजवायचे! कॉलेजात त्याने वाचलं, की विनोदात आधी ताण चढतो आणि शेवटच्या वाक्याला सुटतो. त्याला वाटलं, ते शेवटचं वाक्य दिलंच नाही तर? लोक आपलं आपण ठरवतील कुठे हसायचं ते. आपल्याकडे हशा येईपर्यंत वाक्य ताणणाऱ्यांनी ही पानं दोनदा वाचावीत.

व्हँडरबिल्ट विद्यापीठातला प्रसंग तर कमालच. प्रयोग संपला तरी लोक हलेनात, म्हणून हा बाहेर पडला, तर अख्खा घोळका मागोमाग. वाटेत रिकामा जलतरण तलाव लागला. सगळ्यांना त्यात उतरवलं आणि स्वतः त्यांच्या हातांवरून ‘पोहत’ पलीकडे गेला.

प्रेमप्रकरणं मात्र त्याने भराभर उरकलीत, तिथे मी पानं उलटली. इंग्रजी सोपं आहे, शनिवार-रविवारात वाचून होतं. वडिलांबद्दल तो फार लिहीत नाही, पण जे आहे ते बोचतं. त्याचा ‘द जर्क’ हा सिनेमा पाहून आल्यावर त्यांनी दिलेला अभिप्राय एवढाच: हा काही चार्ली चॅप्लिन नाही.